स्लो कुकर आणि मेक्सिकन घोटीव राजमा

साडेतीन लिटरचा, चिनी मातीच्या भांड्याचा एक साधा स्लो कुकर, म्हणजे मंद आचेवर तासन्‌तास शिजवणारे विजेचे उपकरण, सध्या ठाण्याच्या आमच्या घरी वापरात आहे. वरण, मटण आणि खीर करून झाल्यावर त्याचा खरा उपयोग कळला तो मेक्सिकन पद्धतीचा घोटीव राजमा, म्हणजे शिजवून, घोटत परतलेला राजमा, करताना. या पदार्थासाठी उपकरण उत्तम आहे. मात्र सुरुवात आणि शेवट गॅसवरच करावा लागतो, आणि सोबतच्या माहितीपत्रकात नेमके एवढेच लिहायचे राहून गेले आहे.

उत्तर मेक्सिकोत यासाठी मुख्यतः पिंटो जातीचे दाणे घेतात, तर दक्षिणेकडे आणि मेक्सिकोच्या आखाताच्या किनाऱ्यावर काळ्या दाण्यांना पसंती असते. आपल्या बाजारात पिंटोच्या सर्वांत जवळचा म्हणजे चित्रा राजमा. जांभळी नाक्याच्या किराणा दुकानांत तो सहज मिळतो, आणि शिजल्यावर ठिपके जाऊन त्याला पिंटोसारखाच फिकट तपकिरी रंग येतो.

राजमा भिजवून थेट स्लो कुकरमध्ये घालण्याची सूचना अनेक पाककृतींत असते, ती मुळीच पाळू नये. कच्च्या राजम्यात फायटोहिमाग्लुटिनिन नावाचे द्रव्य असते, लाल राजम्यात तर ते सर्वाधिक, आणि त्यामुळे काही तासांतच जोराच्या उलट्या व जुलाब होऊ शकतात. उकळत्या पाण्यात ते नष्ट होते. पण मंद आचेवरचा स्लो कुकर कित्येकदा उकळीपर्यंत पोहोचतच नाही, आणि 80 अंश सेल्सिअसच्या आसपास अर्धवट शिजलेला राजमा कच्च्यापेक्षाही अधिक बाधू शकतो, असा इशारा अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने दिलेला आहे. किमान पाच तास भिजवावे, ते पाणी फेकून द्यावे आणि ताज्या पाण्यात अर्धा तास खळखळून उकळावे, ही त्यांचीच शिफारस आहे. चित्रा राजम्यालाही तोच नियम लावलेला बरा.

त्यानंतरचे काम मात्र हे उपकरण फार चोख करते. उकळलेला राजमा, अख्खा सोललेला कांदा, लसणाच्या पाकळ्या आणि दाण्यांवर दोन बोटे येईल एवढे गरम पाणी घालून मंद आचेवर सात-आठ तास ठेवले की दाणा न फुटता आतून लोण्यासारखा मऊ होतो. वाफ जवळजवळ बाहेर जात नसल्यामुळे पाणी बेताचेच घालावे, आणि झाकण वारंवार उघडू नये, कारण गेलेली उष्णता भरून यायला बराच वेळ लागतो. टोमॅटो किंवा लिंबू आधी घातल्यास आंबटपणामुळे साल कडक राहते. घोडबंदर रस्त्यावरच्या ज्या सोसायट्यांना टँकरचे किंवा बोअरवेलचे जड पाणी येते, तिथे शिजायला आणखी वेळ धरावा. अशा पाण्यापेक्षा पिण्याचे गाळलेले पाणी केव्हाही चांगले.

शेवटची पायरी कढईत. मेक्सिकोत परंपरेने डुकराची चरबी वापरतात; आम्ही तेल आणि थोडे तूप घेतो. बारीक कांदा तांबूस परतून त्यात जिरेपूड, हिरवी मिरची आणि निथळलेला राजमा घालावा, पावभाजीच्या मॅशरने घोटत जावे आणि शिजवलेले पाणी पळीपळीने मिसळावे. गार झाल्यावर मिश्रण घट्ट होते, म्हणून गॅस बंद करताना ते किंचित सैल असावे. ही परतणी टाळून भांड्यातच घोटलेला राजमा खाण्याजोगा असतो, पण बेचव.

प्रेशर कुकरमध्ये हेच काम तासाभरात होते, हे खरे. तरीही तिथे दाणे फुटून रस्सा गढूळ होतो आणि कोणीतरी शिट्ट्या मोजत थांबावे लागते. सकाळी लोकल पकडून संध्याकाळी परतणाऱ्या घराला स्लो कुकरच सोयीचा. वीजही फारशी लागत नाही: आमच्या कुकरवर 200 वॅट लिहिलेले आहे, म्हणजे आठ तासांना फार तर 1.6 युनिट.

खरेदी करताना डिजिटल पडद्याच्या मोहात पडू नये. त्यांतली अनेक मॉडेल वीज जाऊन आली की बंदच राहतात आणि अर्धा शिजलेला राजमा दिवसभर कोमट पडून राहतो. फिरवायच्या बटणाचा कुकर मात्र आपोआप पुन्हा सुरू होतो. आतले मातीचे भांडे सुटे मिळते का, हेही दुकानातच विचारून घ्यावे, कारण गरम भांड्यात गार पाणी ओतले की त्याला तडा जाऊ शकतो.