व्याख्यान कोणावर: बिए की हान्सेन?

क्रीडासप्ताहात शाळेत किंवा क्लबमध्ये वीस मिनिटं बोलायचंय आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीचा, धावण्यात आणि लांब उडीत तरबेज असा नॉर्वेचा एखादा गडी हवाय. शोधायला गेलात की दोन नावं समोर येतात. एक फर्डिनांड बिए, दुसरा स्वेरे हान्सेन. माझं मत आधीच सांगतो. श्रोते मोठे असतील तर बिए, आणि समोर रोज वाळूत उतरणारी मुलं बसली असतील तर हान्सेन.

बिएची गोष्ट 1912 च्या स्टॉकहोम ऑलिंपिकची. पेंटॅथलॉनमध्ये लांब उडी, भालाफेक, 200 मीटर, थाळीफेक आणि 1500 मीटर असे पाच प्रकार होते. पहिल्याला एक गुण, दुसऱ्याला दोन, म्हणजे बेरीज कमी तो जिंकला. (हे आधीच समजावून सांगा, नाहीतर सात गुणांचा माणूस एकवीसवाल्याला हरवतो कसा, हे कोणाला कळणार नाही.) अमेरिकेच्या जिम थॉर्पने पाचांपैकी चार प्रकार जिंकले, भालाफेकीत तो तिसरा आला, एकूण गुण 7. बिए 21 गुणांवर दुसरा. लांब उडीत थॉर्प 7.07 मीटर, बिए 6.85.

इथे गोष्ट संपायला हवी होती. पण 1913 च्या जानेवारीत बातमी फुटली की थॉर्प 1909 आणि 1910 साली पैसे घेऊन बेसबॉल खेळला होता. खेळाचे पैसे न घेणाऱ्यांनाच ऑलिंपिक खुलं, हा हौशीपणाचा नियम मोडला म्हणून त्याची पदकं गेली आणि बिए घरबसल्या विजेता ठरला. खरा विजेता थॉर्पच, ही भूमिका बिएने सोडली नाही. नियम असा होता की हरकत स्पर्धेनंतर 30 दिवसांत घ्यायची. इथे सहा महिने उलटले होते, तरी कोणी ते बघितलं नाही. 1982 साली थॉर्पला बिएसोबत संयुक्त विजेता केलं. 2022 च्या जुलैत थॉर्प एकटा विजेता ठरला, त्याला नॉर्वेच्या क्रीडा महासंघाचीही संमती होती. बिए पुन्हा रौप्यावर आला. रौप्य, सुवर्ण, वाटून घेतलेलं सुवर्ण आणि पुन्हा रौप्य; एकाच दिवसाच्या खेळाची ही चार रूपं, आणि शेवटची दोन बघायला तो हयातही नव्हता. 1961 सालीच तो गेला होता.

बिए घेतलात तर धोका एकच. थॉर्प सगळं भाषण खाऊन टाकतो. वीसपैकी पंधरा मिनिटं त्याच्यावर गेली तर बिएचं नाव पाटीवर लिहिण्यात अर्थ नाही.

हान्सेनच्या बाबतीत असलं काही नाही. कागदपत्रांची भानगड नाही, सगळा कारभार टेपचा. 1924, पॅरिस, लांब उडी. अमेरिकेचा डीहार्ट हबर्ड 7.445 मीटर, त्याचाच सहकारी एडवर्ड गॉर्डिन 7.275, हान्सेन 7.26. रौप्य हुकलं ते फक्त दीड सेंटिमीटरने, तेही तीन वर्षांपूर्वी 7.69 चा विश्वविक्रम केलेल्या गॉर्डिनपुढे. चौथा आलेला फिनलंडचा टुलोस मात्र 7.07 वर, बराच मागे. हबर्ड हा वैयक्तिक प्रकारात सुवर्ण जिंकणारा पहिला कृष्णवर्णीय अमेरिकी खेळाडू, हे सांगायला विसरू नका. याच स्पर्धेत आपला दलीपसिंगही उतरला होता, तेव्हा भारताचा धागा ओढून आणावा लागत नाही.

गंमत अशी की त्या ऑलिंपिकमधली सगळ्यात मोठी उडी या तिघांपैकी कोणाचीच नव्हती. रॉबर्ट लीजेंडर नावाच्या अमेरिकी खेळाडूला लांब उडीच्या संघात जागाच मिळाली नव्हती. त्याने पेंटॅथलॉनमध्ये 7.76 मीटर मारून विश्वविक्रम केला, आणि त्या पेंटॅथलॉनमध्ये त्याला मिळालं कांस्य!

तिसरं नाव कोणी सुचवलं तर ते चार्ली हॉफचं असेल. बांबूउडीचा विश्वविक्रमवीर. पॅरिसमध्ये पायाच्या दुखापतीमुळे बांबू बाजूला ठेवून 400 आणि 800 मीटर धावला, पुढे त्यालाही व्यावसायिक ठरवून बाहेर काढलं. भन्नाट माणूस आहे, पण लांब उडीच्या व्याख्यानात पाहुणा म्हणूनच बरा.

मुलांसाठी हान्सेन ठरवलात तर एक करा. मैदानावर फळीपासून टेप लावून चुन्याने 6.85 ची रेघ मारा, ती बिएची. मग 7.26 ची, हान्सेनची. तिसरी 7.275 ला मारायला जाल तेव्हा चुना आधीच्या रेघेत मिसळेल. ती मारूच नका, तिथे मुलांना बोट ठेवायला सांगा.