बिस्किट जॉइनर : दोन पावसाळे वापरून झाल्यावर लिहितोय

बिस्किट जॉइनर, म्हणजे फळ्या जोडायला खाच मारणारं मशीन, घेतलं त्याला आता दोन पावसाळे झाले, म्हणून लिहायला बसलोय. मी घेताना जे रिव्ह्यू वाचले ते सगळे घेऊन आठ दिवस झालेल्यांचे होते आणि त्यात एकानंही पावसाचं नाव काढलं नव्हतं. माझं कोल्हापूरच्या उद्यमनगरात छोटं शेड आहे, दोन कारागीर आणि मी, काम म्हणजे प्लायची कपाटं, किचनच्या ट्रॉल्या आणि मधूनच एखादं सागवानी टेबल. कंपनीचं नाव घेत नाही कारण पुढं तक्रार पण आहे.

ज्यांनी बघितलं नाही त्यांच्यासाठी, दिसायला हे ग्राइंडरचा चुलतभाऊ. पुढं १०० मिमीचं आडवं पातं, मशीन दाबलं की बाहेर येतं आणि सोडलं की स्प्रिंगनं आत जातं, आणि फळीच्या कडेला ४ मिमी जाडीची अर्धगोल खाच पडते. समोरच्या फळीला तशीच खाच, मध्ये बीच लाकडाचं दाबून चपटं केलेलं बिस्किट, ते फेविकोलमधलं पाणी पिऊन फुगतं आणि गच्च बसतं. स्वित्झर्लंडमधल्या हर्मन स्टायनर नावाच्या सुतारानं १९५० च्या दशकात ही युक्ती काढली, लामेलो कंपनी त्यानंच काढली. बिस्किटं तीन मापांत येतात, ० नंबर ४७ बाय १५, १० नंबर ५३ बाय १९ आणि २० नंबर ५६ बाय २३ मिमी. मी तिन्ही आणली होती, आता फक्त २० चीच आणतो, बाकीची डब्यात पडून आहेत.

दुकानदार सांगतो सांधा लई मजबूत होतो. फळीला फळी कडेनं जोडताना गोंदच एवढा धरतो की बिस्किटाचं खरं काम दोन्ही फळ्या एका लेव्हलला ठेवायचं, बास. पण ते काम असं करतं की नाद खुळा. आधी टेबलाचा टॉप जोडताना एक जण हातोडी घेऊन वर-खाली ठोकत बसायचा आणि मग तास-दोन तास रंधा, आता पोरगा एकटा जोडतो. खाच बिस्किटापेक्षा थोडी लांब असते त्यामुळं फळी डावी-उजवीकडं दोन-तीन मिमी सरकवता येते, डॉवेलमध्ये (गोल लाकडी खुंटी) एक भोक चुकलं की संपलं. खुर्ची किंवा दाराच्या चौकटीला मात्र मी हे वापरत नाही, तिथं खोबणी आणि कूसच.

आता माझी फजिती. एक सागवानी डायनिंग टेबल होतं, पाच फळ्यांचं, गिऱ्हाईक घाई करत होतं म्हणून सकाळी गोंद लावून क्लॅम्प केलं आणि संध्याकाळी सँडर मारून मोकळा झालो. पॉलिश झालं, टेबल घरी पोचलं, दहा दिवसांनी फोन. गेलो तर त्यांच्या आजी टेबलावरनं तळहात फिरवत म्हणाल्या, "हितं बघ बाळा, खळगं लागतंय." सरळ बघितलं तर काही नाही, खिडकीच्या बाजूनं वाकून बघितलं तर जोडाच्या रेघेवर वीतभर अंतरानं पानाच्या आकाराचे उथळ खड्डे, बिस्किटं मोजून घ्या! झालेलं असं की गोंदाच्या पाण्यानं बिस्किटाच्या आसपासचं लाकूड फुगलेलं असतं, ते फुगलेलं असतानाच मी घासून सपाट केलं आणि वाळल्यावर तेवढा भाग खाली बसला. टेबल परत आणून सगळं पॉलिश काढावं लागलं. आता जोडलं की किमान दोन दिवस हात लावत नाही, जुलैत तर चार.

जुलैवरनं आठवलं. आपल्याकडं झड लागली की या बिस्किटांचा उघडा पुडा आठवड्यात मऊ पडतो, अगदी चहाच्या बिस्किटासारखा. एकदा खाचेत बिस्किट जाईना, पोरगं हातोडी मारायला निघालं, तेवढ्यात बारीक माप घ्यायचा व्हर्नियर लावला (उद्यमनगरात व्हर्नियर शेजारच्या शेडमध्ये मागितला तरी मिळतो) तर बिस्किट ४ च्या जागी ४.४ मिमी. दोष मशीनचा नव्हताच. साठच्या बल्बखाली रात्रभर ठेवली तर बरीचशी परत बसली, काही टाकून दिली. आता घट्ट झाकणाची बरणी, त्यात बुटाच्या खोक्यातल्या सिलिका जेलच्या पुड्या.

आता तक्रार. पुढची फेन्स, म्हणजे खाच किती उंचीवर पडणार ते धरणारी पट्टी. नवीन असतानाच पात्याला समांतर नव्हती, अर्ध्या मिमीचा फरक, आणि स्केलवरचा आकडा पण खरं बोलत नव्हता. दुकानदार म्हणाला "वापरून सैल होईल", म्हणजे काय ते त्यालाच माहीत. शेवटी मी फेन्स वर उचलून बाजूलाच ठेवली, दोन्ही फळ्या सपाट टेबलावर उताण्या ठेवायच्या आणि मशीनचा तळच टेबलाला टेकवून खाच मारायची. दोघींची खाच आपोआप एका उंचीला येते, १८ मिमीच्या प्लायला तर जवळजवळ मधोमध. खोली तपासायला खाचेत बिस्किट घालून कडेनं पेन्सिलची रेघ मारा, उलटं घालून परत रेघ मारा, दोन रेघांमध्ये मिमीभर पट्टी उरली पाहिजे. रेघा एकावर एक आल्या तर गोंदाला जागाच नाही, सांधा मिटणार नाही.

मेंटेनन्स म्हणाल तर मुख्य शत्रू भुसा. पिशवी अर्धी भरली की तोंडाशी तुंबते आणि भुसा खाचेतच राहतो, बिस्किट अर्धवट बसतं. पिशवी फेकून व्हॅक्यूमचा पाइप लावला तेव्हा कटकट संपली. सरकणाऱ्या दांड्यांना मी पहिल्यांदा ग्रीस लावलं होतं, चूक, प्लायचा भुसा चिकटून त्याची चटणी झाली आणि पातं परत आत जाईना, जे धोक्याचं आहे. आता रॉकेलनं पुसून नुसतं मेण. पात्यावर प्लायचा गोंद काळा जमला की खाचेच्या कडा जळतात, तेव्हा आधी प्लग काढायचा, मग पातं काढून कोमट पाण्यात साबण पावडर टाकून ब्रशनं घासायचं. आणि छोटा तुकडा हातात धरून खाच मारू नका, मशीन बाजूला ओढतं, तुकडा क्लॅम्पच करा.

मोटरमधले कार्बन ब्रश दीड वर्षात संपले. सर्व्हिसवाल्यानं तीन आठवडे फिरवलं, "पुण्यावरनं येणार आहेत", शेवटी गल्लीतल्या रिवाइंडिंगवाल्यानं दुसऱ्या मशीनचे ब्रश घासून मापात बसवून दिले, अजून चालू आहेत.

पाच आकडी किंमत आहे, महिन्याला एखादंच टॉप करत असाल तर घेऊ नका, सुतारकामाच्या राउटरला ४ मिमीचा स्लॉट कटर (खाच पाडायचं पातं) लावून तेच काम होतं, फक्त हळू. रोज कपाटं, टॉप असतील तर घ्या. पण दुकानातच दोन तुकड्यांना खाच मारून, बिस्किट घालून, जोडावरनं नख फिरवून बघा, नख अडकलं तर दुसरा पीस मागा. मी नाही मागितला. पाचपैकी साडेतीन, अर्धा त्या फेन्सनं खाल्ला आणि एक त्या ब्रशच्या फेऱ्यांनी.