खोट्या अपडेटची स्क्रीन अन् सर्व्हरवरचं खरं कन्व्हर्ट, सात महिने वापरून

सोलापुरात नवी पेठेत आपलं लग्नाच्या शूटिंगचं छोटं दुकान. काउंटरवरच्या पीसीवरून व्हिडिओ भाड्याच्या सर्व्हरवर चढवायचे, तिथं एफएफएमपेग नावाचं सॉफ्टवेअर ते वेबसाठी लहान करतं. पण अपलोड चालू असताना कुणीतरी 'एक प्रिंट काढतो की बे' म्हणत माऊस धरायचं आणि ब्राउझरच बंद करून जायचं. पासवर्ड लावला तर सगळे पासवर्डच विचारायला लागले.

मग खोट्या विंडोज अपडेटची स्क्रीन लावली. साधं वेबपेज आहे, वेगळ्या विंडोत उघडायचं, एफ११ दाबलं की फुल स्क्रीन, मागं अपलोड चालूच. सात महिन्यांत एकानं हात लावला नाही! फक्त स्लीप बंद ठेवा, नाहीतर स्क्रीन काळी होते, अपलोडपण बोंबलतं. आमचे मामा एकदा दोन तास अपडेट संपायची वाट बघत बसले होते, चहा पाजून कटवलं.

सर्व्हरनं मात्र लई छळलं. आधी पीएचपीच्या (सर्व्हरवर चालणाऱ्या) पेजवरूनच थेट एफएफएमपेग चालवायचो, बारक्या क्लिपला चालून गेलं, पण गड्ड्याच्या यात्रेचा ४० मिनिटांचा व्हिडिओ टाकला तर आधी ४१३ एरर, म्हणजे फाईल फार मोठी, कारण एनजिनएक्स हे वेब सर्व्हरचं सॉफ्टवेअर मुळात १ एमबीच्या वर घेतच नाही, ते वाढवलं तर ६० सेकंदात ५०४, म्हणजे वाट बघून टाइमआउट. आता पेज फक्त फाईल फोल्डरमध्ये टाकतं, क्रॉन, म्हणजे ठरल्या वेळी कामं चालवणारा प्रोग्रॅम, दर मिनिटाला बघतो, आणि एफलॉकचं कुलूप लावलंय म्हणून एका वेळी एकच काम. हे आधी नव्हतं तेव्हा चार कामं एकदम सुटून एका कोरचा सर्व्हर पार झोपला होता.

एफएफएमपेगच्या मीडियम प्रीसेटला (वेगाच्या तयार सेटिंगला) स्पीड ०.४एक्स दिसायचा, म्हणजे त्या ४० मिनिटांना १०० मिनिटं. व्हेरीफास्ट केलं, सीआरएफ (क्वालिटीचा आकडा) २३ तसाच, फरक मला तरी दिसत नाही. आयफोनचं एचईव्हीसी फॉरमॅटमधलं शूटिंग सगळ्या ब्राउझरात चालत नाही, ते जवळपास सगळीकडे चालणाऱ्या एच.२६४ फॉरमॅटमध्ये करूनच ठेवतो. एफएफएमपेगचा फास्टस्टार्ट पर्याय विसरू नका, नाहीतर फाईलची माहिती शेवटी राहते आणि मोबाईलवर व्हिडिओ सुरू व्हायला रखडतो.

एफएफएमपेग टक्के दाखवत नाही, किती वेळाचा व्हिडिओ झाला तेवढंच सांगतं. त्याच्यासोबतच येणाऱ्या एफएफप्रोबनं एकूण लांबी काढून, भागून, खरे टक्के गिऱ्हाइकाच्या पेजवर लावले. परवा एकाचा फोन, 'तुमचं ३७ वरच अडकलंय की, दुकानातलं तर मगाशीच ८० झालं होतं.'