बेकनमध्ये गुंडाळलेले शिंगाडे : आठ महिने, वीसेक घाणे आणि शेजारच्या आजींचं कार्ड

आधी निकाल सांगते. पदार्थाला पाचपैकी साडेचार, आणि पाककृतीच्या ज्या कार्डावरून तो शिकले त्या कार्डाला अडीच. हा फरक का, ते सांगण्यासाठीच एवढं लिहायला बसले आहे.

आम्ही अमेरिकेत, सिनसिनाटीत राहतो. एकोणिसाव्या शतकात डुकराच्या मांसाचा एवढा धंदा इथे चालायचा, की गावाला ‘पोर्कोपोलिस’ म्हणायचे. आजही गावात पंखवाल्या डुकरांचे पुतळे आहेत आणि मे महिन्यातल्या मॅरेथॉनचं नाव ‘फ्लाइंग पिग’ आहे. अशा गावात पार्टीला बोलावणं आलं की टेबलावर बेकनचं, म्हणजे डुकराच्या खारवलेल्या मांसाच्या पट्ट्यांचं, काहीतरी असतंच. मी मूळची मालवणकडची. घरात मासे रोज, कोंबडी रविवारी, पण डुकराचं मांस उंबऱ्याच्या आत कधी आलं नाही. गोव्याच्या मावशीकडे शेजारून आलेली चोरीस (डुकराच्या मांसाचं गोव्याचं सॉसेज) पावाबरोबर चोरून खाल्ली होती, तेवढीच काय ती ओळख.

गेल्या सप्टेंबरात शेजारच्या आजींनी त्यांच्या पत्र्याच्या डबीतलं एक पिवळं पडलेलं कार्ड मला उतरवून दिलं. एक पौंड बेकन, वॉटर चेस्टनटचे (मी ज्यांना शिंगाडे म्हणते ते चिनी कंद) दोन डबे, एक कप केचप, एक कप ब्राऊन शुगर, अर्धा कप सोया सॉस. सगळं गुंडाळून सॉसमध्ये रात्रभर मुरवायचं आणि ३५० फॅरनहाइटला पाऊण तास भाजायचं. तेव्हापासून ऑफिसच्या पॉटलकला, मुलाच्या फुटबॉलवाल्यांना, ख्रिसमसला, गल्लीतल्या बार्बेक्यूला मिळून मी हे वीसेक वेळा केलंय. पहिले चार घाणे अगदी कार्डाप्रमाणे केले. चारही वेळा ताट रिकामं झालं, पण ते भिडेखातर की काय कोण जाणे, कारण मला स्वतःला ते वातड लागत होतं. वरून काळं, आतून पांढरी लिबलिबीत चरबी आणि ट्रेच्या तळाशी डांबर.

कारण नंतर उमगलं. बेकन कुरकुरीत व्हायचं तर आधी त्यातली चरबी वितळून वाहून जायला हवी आणि त्याचा पृष्ठभाग कोरडा हवा. आपण त्याला रात्रभर पातळ गोड सॉसमध्ये बुडवून ठेवतो, म्हणजे ओव्हनमधला पहिला अर्धा तास ते भाजलं जात नाही, उकडतं. तोवर सॉसमधली साखर, केचप आणि सोया तळाशी ओघळून करपायला लागतात. ज्यांनी चिक्कीचा पाक एकदा तरी जाळलाय त्यांना हे वेगळं सांगायला नको. गोड पदार्थ आचेवर असतो तेव्हा सोनेरी आणि कडू यांच्यात दोन मिनिटांचं अंतर असतं.

म्हणून पाचव्या घाण्यापासून क्रम उलटा केला आणि आता तोच कायम आहे. बेकन मुरवायचं नाही, मुरवायचे फक्त वॉटर चेस्टनट. डब्यातले गोळे दोन पाण्यांनी धुवायचे (डब्याचा पत्र्यासारखा वास जातो), फडक्यावर कोरडे करायचे आणि तीन टेबलस्पून कमी मिठाचा सोया, एक चमचा किसलेलं आलं, एक लसूण पाकळी आणि चमचाभर साखर यांत दोन-तीन तास ठेवायचे. बेकनच्या पट्ट्या अर्ध्या कापून एकेक गोळा गुंडाळायचा, शिवण खाली ठेवून टूथपिक आरपार घालायची. ट्रेमध्ये फॉइल, त्यावर जाळी, जाळीवर हे. ४०० फॅरनहाइट, म्हणजे आपल्या हिशेबाने २०५ सेल्सिअसला वीस मिनिटं काहीही न लावता. मग सॉसचा (तो कसा करायचा ते पुढे येईलच) एक हात, पाच मिनिटं. उलटून दुसरा हात, पुन्हा पाच मिनिटं. बाहेर काढल्यावर पाच मिनिटं हात लावायचा नाही. तेवढ्यात सॉस आवळून बेकनला धरतो. गरम असताना ताटात लोटलं तर निम्मा सॉस जाळीलाच राहतो.

जाळी नसेल तर हा खटाटोप करूच नका. एकदा मैत्रिणीच्या घरी जाळीशिवाय केलं, खालची बाजू स्वतःच्याच चरबीत पोहत होती. आणि ती चरबी सिंकमध्ये ओतू नका. थंड झाली की पाइपात मेणासारखी थिजते. फॉइलची गुंडाळी करून कचऱ्यात टाकायची. आमचा प्लंबर येऊन गेल्यानंतर मिळालेलं ज्ञान.

बेकनबद्दल थोडं. साधी पातळ पट्टी घ्यायची. एका पौंडात, म्हणजे ४५४ ग्रॅममध्ये, साधारण सोळा पट्ट्या येतात, अर्ध्या केल्या की बत्तीस नग. जाड कापलेलं बेकन दिसायला भारदस्त, महागही, पण इथे अगदी निरुपयोगी : वरचा थर करपतो तरी आतला पदर कच्चाच. मेपलचा स्वाद घातलेलं एकदा आणलं तर सगळं मिळून ‘बेकनचा गुलाबजाम’ झाला होता. टर्की बेकनही करून पाहिलं, कारण ऑफिसात डुक्कर न खाणारे चौघे आहेत. त्यात चरबी फारच कमी, त्यामुळे ते कुरकुरीत न होता सुकतं, चामड्याच्या पट्ट्यासारखं. त्या चौघांसाठी मी आता सरळ वेगळा पदार्थ नेते आणि दोन ताटं टेबलाच्या दोन टोकांना ठेवते.

आता शिंगाड्याबद्दल, कारण माझ्या मते या पदार्थाचा खरा नायक तोच आहे, बेकन नाही. फोनवर आईला सांगितलं तेव्हा ती क्षणभर गप्प झाली आणि म्हणाली, “उपासाच्या शिंगाड्याला डुकराचं मांस गुंडाळतेस? बरं आहे बाई तुझं!” तिची समजूत काढायला मला हे शोधावं लागलं. आपला शिंगाडा हे तळ्यावर तरंगणाऱ्या वेलीचं दोन शिंगांचं फळ. चिनी डब्यातला वॉटर चेस्टनट म्हणजे पाणथळ जागी वाढणाऱ्या, लव्हाळ्याच्या कुळातल्या एका गवतासारख्या झाडाचा चिखलातला कंद. दोघांचं नातं फक्त इंग्रजी नावापुरतं. आईला ते पटलं, पण “तरी एकादशीला करू नकोस” हे सांगितलंच.

फरक नुसता पुस्तकी नाही. भारतीय दुकानातून गोठवलेले आपले शिंगाडे आणून एक घाणा केला. शिजल्यावर ते पिठूळ झाले, बटाट्यासारखे. चिनी कंदाचं वैशिष्ट्य असं, की त्याच्या पेशींच्या भिंती फेरुलिक आम्लाच्या सांध्यांनी एकमेकींना जखडलेल्या असतात. म्हणून डब्यात उकळून, नंतर अर्धा तास भट्टीत काढूनही तो करकरीत राहतो. बाहेर खारट, चरबीदार, खमंग आणि दाताखाली एकदम ओला, गार वाटावा असा कट्कन आवाज. सगळी मजा त्या आवाजात आहे. डबा घेताना ‘अख्खे’ लिहिलेला बघून घ्या. मी एकदा घाईत चकत्यांचा आणला आणि तीन तीन चकत्यांची चळत टूथपिकने टोचत बसले. एका छोट्या डब्यात मला पंधराच्या आसपास गोळे मिळतात, फार मोठे असले तर अर्धे करते.

मूळ पदार्थात कंदाबरोबर कोंबडीची कलेजीही असते. त्याला रुमाकी म्हणतात. नाव जपानी वाटतं, दिमाख पॉलिनेशियन बेटांचा, पण पदार्थ अस्सल अमेरिकन. १९३३ मध्ये अमेरिकेतली दारूबंदी उठल्यावर कॅलिफोर्नियात बांबू, मुखवटे आणि रमवाली ‘टिकी’ रेस्टॉरंटं निघाली, त्यांतल्या ‘डॉन द बीचकोंबर’च्या १९४१ च्या मेनूकार्डावर रुमाकी सापडते. पुढे ती घरोघरच्या कॉकटेल पार्ट्यांत शिरली आणि आमच्याकडे, अमेरिकेच्या मध्य-पश्चिमेत, येता येता कलेजी गळून केचप आला. कलेजीवाली मी दोनदा केली. नवऱ्याला आवडली. मला नाही, कारण बेकन नीट व्हायला लागणाऱ्या अर्ध्या तासात कलेजी रवाळ कोरडी होते. आमच्याकडे कलेजी काळ्या मिरीवर परतून खायची सवय, तिला हा गोड अंगरखा शोभत नाही.

सॉसवर मात्र मी सगळ्यात जास्त वेळ घालवला. केचपवाला सॉस रंगाला छान, पण चव सपाट, सगळं बार्बेक्यूसारखं. नुसता सोया आणि ब्राऊन शुगर जास्त स्वच्छ लागतो, फक्त मीठ सांभाळायला हवं. साध्या सोयाच्या एका टेबलस्पूनात ९०० मिलिग्रॅमच्या वर सोडियम असतं आणि बेकन तर आधीच खारवलेलं. ख्रिसमसला मी वरून चिमूटभर मीठ भुरभुरलं होतं, त्या रात्री पाहुण्यांनी पाण्याचे दोन जग संपवले.

जानेवारीत ब्राऊन शुगर संपली म्हणून गूळ वापरला आणि तिथून परत फिरले नाही. पाव कप सोया, अर्धी वाटी किसलेला कोल्हापुरी गूळ, चमचाभर चिंचेचा कोळ, आल्याचा रस आणि अर्धा चमचा लाल तिखट. गूळ विरघळला की गाळून घ्यायचा, मग मंद आचेवर बोटाला चिकटेल इतका आटवायचा. तारेपर्यंत नेऊ नका. चिक्कीचा गूळ तर अजिबात नको. माझ्या एका घाण्यात तो वापरला गेला तर सॉस काचेसारखा कडक बसला आणि एका पाहुण्याने हळूच दाढ चाचपून पाहिली. चिंचेने केचपचा आंबटपणा भरून निघतो, टोमॅटोची आठवणही येत नाही. ज्या सॉसमध्ये कच्चं बेकन बुडालं असेल तो वरून लावायचा असेल तर आधी खळखळून उकळायलाच हवा. माझ्या क्रमात बेकन बुडतच नाही, हा आणखी एक फायदा.

तक्रारी उरतातच. गुंडाळण्याचं काम कंटाळवाणं आहे. बत्तीस नगांना मला चाळीस मिनिटं लागतात आणि नखांत बेकनचा वास दुसऱ्या दिवसापर्यंत राहतो. टूथपिक अर्धा तास पाण्यात भिजवल्या तरी टोकं काळी पडतात. दुसरा हात लावताना धूर होतो, आमचा अलार्म आतापर्यंत तीनदा वाजलाय, आता खिडकी आधीच उघडते. एअर फ्रायरमध्ये कुरकुरीतपणा उत्तम येतो, पण एका वेळी दहा-बाराच मावतात आणि खाली साचलेली चरबी धुरावते. घरातल्या तिघांसाठी ठीक, पार्टीसाठी नाही. आणि हा पदार्थ थांबत नाही. तासाभरात बेकन मऊ पडतं, दोन तासांनंतर तर बाहेर ठेवूच नये. दुसऱ्याच्या घरी न्यायचं असेल तर मी घरून वीस मिनिटांचं कोरडं भाजून नेते आणि सॉसची बाटली वेगळी. शेवटची दहा मिनिटं त्यांच्या ओव्हनमध्ये.

एप्रिलमध्ये शेजारच्या आजींना माझ्या पद्धतीचं ताट नेऊन दिलं. त्यांनी उभ्या उभ्याच चार खाल्ले, पाचवा उचलला आणि म्हणाल्या, छान झालंय, पण यात केचप घालायला विसरलीस का?

उरण्याची वेळ क्वचित येते. आली तर टूथपिका आठवणीने मोजून काढा, तुकडे बारीक चिरा आणि सकाळी फोडणीच्या भातात शेवटी परता. हिंग-मोहरी, कढीपत्ता, हिरवी मिरची नेहमीप्रमाणे. फक्त मीठ घालू नका.