स्टिग्लिट्झ यांचं पुस्तक, मार्केट यार्डातून

'ग्लोबलायझेशन अँड इट्स डिस्कन्टेन्ट्स', जोसेफ स्टिग्लिट्झ, पहिली आवृत्ती 2002. माझ्याकडून पाचपैकी साडेतीन.

सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीच्या अडत दुकानात मी हिशेब लिहितो. अर्थशास्त्र शिकलेलो नाही. आंतरराष्ट्रीय नाणेनिधी, म्हणजे अडचणीतल्या देशांना अटी घालून कर्ज देणारी संस्था; तिच्या कारभारावरची पानं मी भराभर उलटली. अडकलो ते पाचव्या प्रकरणात, रशिया कुणी घालवला या प्रश्नाशी.

लेखक 1997 ते 2000 जागतिक बँकेचे मुख्य अर्थतज्ज्ञ होते. आतल्या माणसानं घरची भांडणं चव्हाट्यावर मांडली, म्हणून पुस्तकाला धार आहे. 2 जानेवारी 1992 ला रशियानं तोवर सरकार ठरवत असलेले बहुतेक भाव एका झटक्यात मोकळे सोडले. त्या वर्षी महागाई 2500 टक्क्यांच्या घरात गेली आणि लोकांची जन्मभराची शिल्लक पाण्यात गेली. पुढं 1995 मध्ये सरकारनं बँकांकडून कर्ज काढून तेलाच्या, निकेलच्या कंपन्यांचे शेअर तारण ठेवले. कर्ज फिटलं नाही. शेअर विकायचे लिलाव कुणी चालवले? त्याच बँकांनी! कंपन्या मातीमोलानं गेल्या. पैसा देशाबाहेर न्यायला मोकळीक होतीच, मग कारखाना चालवायची दगदग कोण करतो? स्टिग्लिट्झ एक आकडा देतात: युद्धकाळात, 1940 ते 46, सोव्हिएत औद्योगिक उत्पादन 24 टक्क्यांनी घटलं होतं, 1990 ते 99 मध्ये रशियाचं जवळपास 60 टक्क्यांनी.

आपल्या भागातल्या बंद सूतगिरण्यांचे सभासद हे प्रकरण गावांची नावं बदलून वाचतील.

आमच्याकडे सौदा निघतो तेव्हा ढीग सगळ्यांसमोर, बोली उघड, वजन तोलाईदाराच्या हातात आणि शेवटी शेतकऱ्याच्या हातात हिशेबपट्टी. जुन्या हत्ता पद्धतीत रुमालाखाली बोटं दाबून भाव ठरायचा, समोर उभ्या शेतकऱ्याला पत्ता नसायचा. एकाला माहीत आणि दुसऱ्याला नाही, अशा बाजाराचं काय होतं, याच अभ्यासासाठी स्टिग्लिट्झ यांना 2001 चं नोबेल विभागून मिळालं. भाव मोकळे केले म्हणजे बाजार उभा राहत नाही, हे त्यांचं म्हणणं यार्डातल्या कुठल्याही हमालाला पटेल. रशियात रुमाल तसाच ठेवून सौदे काढले.

आता दीड गुण का कापला ते. पोलंडनं जानेवारी 1990 मध्ये असाच झटका दिला होता आणि तो देश सावरला. तिथं महागाई झटक्यात मोडली, पण खासगीकरण सावकाश केलं, असं लेखक म्हणतात. मुद्दा चांगला आहे, पण तो घाईत उरकलाय. हळूहळू बदल केले म्हणून चीनचं कौतुक भरपूर. तिथं पक्षाची पकड शाबूत होती आणि इकडं सोव्हिएत संघच फुटला होता, हा फरक मला हवा तेवढा उलगडलेला दिसला नाही. 1991 च्या अखेरीस दुकानांच्या फळ्या रिकाम्या असताना रशियातल्या सुधारणांची सूत्रं सांभाळणाऱ्या येगोर गायदार यांच्या सरकारला वेळ तरी किती होता? शिवाय रशियाला सल्ला देणाऱ्या नाणेनिधीतला प्रत्येक जण इथं मठ्ठ दिसतो. पुस्तक आलं तेव्हा केनेथ रोगॉफ तिथले मुख्य अर्थतज्ज्ञ होते. त्यांनी 2002 मध्येच जाहीर पत्र लिहून उत्तर दिलं. तेही वाचा, दुसऱ्या बाजूचा राग कळतो.

विकत घेणार असाल तर पाचवं आणि सातवं प्रकरण लागोपाठ वाचा, बाकीचं सवडीनं. इंग्रजी सोपं आहे. माझ्या प्रतीतली अक्षरं मात्र बारीक, दुकानातल्या ट्यूबलाइटखाली डोळे दुखतात.