लोन पाइन, ब्रिस्बेन : कडेवर न घेता पाहायचा कोआला

ऑस्ट्रेलियातल्या ब्रिस्बेनला निघालेल्या बहुतेकांच्या डोक्यात एकच फोटो असतो, कोआला कडेवर घेतलेला. लोन पाइन कोआला अभयारण्यात तो आता मिळत नाही. जुलै २०२४ पासून इथे कोआला पाहुण्यांच्या हातात देणे बंद झाले. न्यू साउथ वेल्स आणि व्हिक्टोरियात कायद्यानेच तशी बंदी आहे. ब्रिस्बेन ज्या राज्यात येते त्या क्वीन्सलँडमध्ये ती नाही, इथला निर्णय अभयारण्याने स्वतःहून घेतला. म्हणून टूरच्या कार्यक्रमात ‘कोआला कडलिंग’ लिहिले असेल, तर ते नेमके कोणत्या ठिकाणी हे पैसे भरण्याआधी विचारून घ्यावे.

१९२७ साली जॅक आणि जिल या दोन कोआलांवर सुरू झालेल्या या जागेत आज शंभराहून अधिक कोआला आहेत. फोटो गेल्याने जागा उणी झाली असे आम्हाला वाटत नाही. राज्याच्या नियमानुसार एका कोआलाला दिवसात ३० मिनिटांपेक्षा आणि सलग ३ दिवसांपेक्षा जास्त हाताळता येत नाही. इतके मोजून-मापून का, ते त्याच्या जेवणाकडे पाहिले की कळते. खाणे निलगिरीची पाने, म्हणजे सर्दीला आपण ज्याच्या तेलाची वाफ घेतो तेच झाड. पानांत तंतू आणि विषारी द्रव्ये भरपूर, पोषण नावाला. विष यकृताने निकामी करायचे आणि तंतू सुमारे २ मीटर लांबीच्या अंधांत्रात (मोठ्या आतड्याच्या सुरुवातीच्या पिशवीत) आंबवायचे, यातच शक्ती संपते. म्हणून दिवसातले १८ ते २० तास झोप. ‘पानांची नशा चढते’ असे गाईडही सांगतात, ते खोटे आहे.

साहजिकच दुपारी बाराला गेलात तर राखाडी गोळे दिसतील आणि पोरे दहा मिनिटांत कंटाळतील. ताज्या फांद्या केव्हा ठेवतात ते आत शिरताच विचारा आणि तेव्हाच कुंपणापाशी थांबा. फांद्या पाण्याच्या नळ्यांत खोचलेल्या असतात. कोआला आधी नाक लावून पान हुंगतो आणि नापसंत असेल तर सोडून देतो. निलगिरीच्या शेकडो जातींपैकी त्याला थोड्याच चालतात, त्यातही आज आवडलेली उद्या आवडेलच असे नाही. त्यामुळे एकाच जातीचा भारा टाकून भागत नाही. कोआला पाळणे महाग पडते ते यामुळेच.

तो फांदी धरतो तेव्हा पंजा पाहा. पुढच्या पायाच्या पाच बोटांपैकी दोन अंगठ्यासारखी उरलेल्या तिघांसमोर येतात. मागच्या पायाचा अंगठा बिननखीचा, तर दुसरे-तिसरे बोट जोडलेले. त्या जोडबोटाचे काम केस विंचरणे. नराच्या छातीवर तपकिरी, चिकट डाग असतो, ती गंधग्रंथी तो खोडाला घासतो. आवाजाची हौस असेल तर सप्टेंबरनंतरचे महिने बरे, तो विणीचा हंगाम. नराची डरकाळी घोरणे आणि ढेकर यांच्या मधली असते. इतका खर्ज खरे तर हत्तीएवढ्या प्राण्याला शोभावा. त्यासाठी त्याच्या घशात स्वरयंत्राबाहेर जादा स्वरपटल असतात, हे २०१३ मध्ये समजले.

पिल्लू जन्मते तेव्हा राजम्याच्या दाण्याएवढे, जेमतेम अर्धा ग्रॅम. साधारण ६ महिने आईच्या पोटावरच्या पिशवीत. बाहेर डोकावू लागले की आईच्या अंधांत्रातून येणारी मऊ विष्ठा खाते. पाहणाऱ्याला किळस येईल, पण पाने पचवणारे जंतू त्याच्या पोटात तिथूनच येतात. पाठीवर बसलेली पिल्ले दिसायची शक्यता तिथला हिवाळा सरताना, म्हणजे ऑगस्टच्या सुमारास जास्त.

पैसे भरून कोआलाच्या शेजारी उभे राहून फोटो काढायची सोय आहे. फ्लॅश नको, आवाज हळू. डोळे टक्क उघडे आणि कान सारखे हलत असतील तर तो ‘पोझ’ देत नाही, बेचैन आहे. उन्हाळ्यात तो हातपाय लोंबकळत सोडून फांदीवर पसरतो. तो आजारी नसतो, अंगातली उष्णता घालवतो. खोडाला पोट चिकटवतो तेही त्यासाठीच, कारण खोड हवेपेक्षा गार असते.

उणीव एकच, पण मोठी. इथले कोआला डोळ्यांच्या उंचीवर, लाकडी खांबांवर बसतात. उंच झाडावर चढणे किंवा रात्री जमिनीवर उतरून दुसरे झाड गाठणे (याच वेळी रानातले कोआला गाड्यांखाली नि कुत्र्यांच्या तोंडी सापडतात) इथे दिसणार नाही. तिकीटही स्वस्त नाही. कांगारूंना खाऊ घालणे आणि प्लॅटिपस (बदकासारख्या चोचीचा पाणप्राणी) पाहणे हे सगळे मिळून चार-पाच तास काढले तर वसूल होते, तासाभरासाठी नाही. फक्त कोआलाच समजून घ्यायचा असेल, तर शहराच्या दक्षिणेला डेझी हिलचे सरकारी कोआला केंद्र फुकट आहे. कोआला मोजकेच, पण भोवती खरे जंगल आहे.

शहरातून लोन पाइनला बस जाते. राज्यात सार्वजनिक बसचे भाडे ५० सेंट आहे, टॅक्सी करू नये.