चक रोस्टसाठी स्लो कुकर की बिडाचं भांडं?

मिनेसोटातल्या मैत्रिणीचा प्रश्न: थंडीत बीफचा पॉट रोस्ट (झाकून, रश्श्यात सावकाश शिजवलेला मांसाचा मोठा तुकडा) करायला स्लो कुकर (मंद आचेवर तासन् तास शिजवणारं विजेचं भांडं) घेऊ, की ओव्हनमध्ये जाणारं बिडाचं झाकणाचं भांडं?

मांस दोन्हींत मऊ होतं. चक म्हणजे खांद्याचा भाग. त्यातल्या कोलॅजनचं, म्हणजे चिवट प्रथिनाचं, सावकाश मऊ जिलेटिन होतं, आणि त्याला लागतो तो वेळ. स्लो कुकरला ‘लो’वर 8 ते 10 तास, बिडाच्या भांड्याला 150 अंश सेल्सिअसच्या ओव्हनमध्ये साधारण साडेतीन.

खरा फरक रश्श्यात. स्लो कुकरमधून वाफ फारशी बाहेर जात नाही, त्यामुळे पाणी बेतानंच घाला. तरी रस्सा पातळच राहतो, शेवटी कॉर्नस्टार्च लावावं लागतं. मांस आधी खरपूस परतायचं तर आणखी एक पॅन घासायला. बिडात परतणं-शिजवणं एकातच. तळाला धरलेला खमंग थर रश्श्यात उतरतो. चवीत मी बिडाच्या बाजूने. उचलताना मनगट मात्र बोलतं!

साधा स्लो कुकर बराच स्वस्त, पण आतलं सिरॅमिकचं भांडं पडलं की फुटलं. बीड नीट वापरलं तर पुढच्या पिढीलाही पुरतं.

गोठलेलं मांस थेट स्लो कुकरमध्ये टाकू नका. हळू तापताना जंतू वाढतात.

दिवसभर बाहेर असाल तर स्लो कुकर. रविवारी निवांत रांधायचं, एरवी त्यातच पाव भाजायचा, तर बीड. मैत्रिणीला स्लो कुकरच सुचवला. त्यांच्या घरी दोघंही ऑफिसला जातात.